दीपिकाचा वाटा

भागीरथाबाईची पोरगी दीपिका दिल्लीच्या एका मोठ्या पेपरची परदेशातली बातमीदार झाली, तेव्हा मोहल्ल्यात कोणालाच ती नोकरी नीट कळली नाही. भद्रावतीच्या पेपरात होती तोवर कळायचं. माजरीच्या खाणीत काय झालं, घुग्घुसच्या धुळीनं कोण खोकतंय, हे ती लिहायची आणि सकाळी पानठेल्यावर सगळे वाचायचे. पुढे नागपूर, मग दिल्ली, आणि तिथून थेट आफ्रिका! जिथून लोक जीव मुठीत धरून पळतात, तिथं हिनं मुद्दाम जायचं. आता याला नोकरी म्हणायचं की काय म्हणायचं? भागीरथाबाई बाजारात मासोळ्या विकताना सांगायची, माही पोरगी साऱ्या दुनियेची खबर देते अन् मायलेच फोन करत नाई. तक्रार करताना तिचा चेहरा असा फुलायचा की गिऱ्हाईक भाव करायचं विसरून जाई.

ढिवरांच्या या मोहल्ल्याची एक रीत आहे. उन्हाळ्यात तलावाचं पाणी उतरलं की सगळे मिळून जाळं ओढतात आणि काठावर वाटे पडतात. डोमाभाऊ, मोहल्ल्यातला सगळ्यात जुना माणूस, एकेक नाव पुकारतो. घरच्यांनी ‘हाये’ म्हणायचं आणि वाटा उचलायचा. माणूस पुण्यात असो की सुरतेत, त्याचा वाटा निघतोच. लग्न झालेल्या पोरींचं नाव सासरच्या तलावावर जातं, पण दीपिकानं लग्नाचं मनावरच घेतलं नव्हतं, म्हणून तिचं नाव इथंच राहिलं. बाकी कोणाचं नाव थांबतं ते तो माणूस मेल्यावरच.

त्या उन्हाळ्यात दीपिका सुदानात होती. लढाई पेटली आणि तिचा फोन लागेनासा झाला. दिल्लीच्या ऑफिसातली माणसं म्हणायची, आम्ही शोध घेतोय, तुम्ही काळजी करू नका. काळजी करू नका म्हणे! भागीरथाबाईनं फोन कमरेला खोचला तो खोचलाच.

त्यातच जाळं ओढायचा दिवस आला. डोमाभाऊला एकच धास्ती. नाव पुकारलं आणि या माउलीच्या तोंडून शब्दच फुटला नाही तर? भल्या माणसानं भलेपणानंच घोळ घातला. यादीत दीपिकाच्या आधीच्या अमरचं नाव घेतलं, नंतरच्या रोशनीचं घेतलं आणि मधलं दीपिकाचं गाळलं.

सगळ्यांच्या ते लक्षात आलं. भागीरथाबाई उठून उभी राहिली.

“डोमाभाऊ, एक नाव राह्यलं.”

डोमाभाऊनं मान खाली घातली. मग कसाबसा बोलला, “दीपिका.”

“हाये,” भागीरथाबाई म्हणाली, आणि तिनं टोपली पुढे केली.

तो वाटा तिनं शिजवला नाही. मीठ लावून अंगणात वाळत घातला आणि काठी घेऊन कावळे हाकलत बसली. पोरगी यायची आहे, तिला लागतील, असं शेजारणींना सांगत राहिली. शेजारणी हो हो म्हणायच्या आणि घरी जाऊन डोळे पुसायच्या.

मासोळ्या वाळून कडक झाल्या आणि एका दुपारी फोन वाजला. दीपिका सरहद्द ओलांडून सुखरूप आली होती. आईनं आधी तिला पोटभर शिव्या दिल्या, मग रडली, मग उरलेल्या शिव्या दिल्या. तलावावर काय झालं ते सांगताना मध्येच थांबली, फोन तसाच हातात धरला आणि अनवाणी डोमाभाऊच्या अंगणात गेली.

तो जाळं सांधत होता. त्या दिवसापासून तो तिच्या गल्लीतून जायचं टाळायचा. तिनं फोन त्याच्या तोंडापुढे धरला.

“घ्या भाऊ, पुकारा.”

“आता काऊन, बाई?”

“त्या दिवशी मी म्हटलं. आता तिलेच म्हणू द्या.”

डोमाभाऊनं जाळं बाजूला ठेवलं. तलावावर पुकारतो तसंच, मोठ्यानं, त्यानं नाव घेतलं. फोनमध्ये नुसती खरखर झाली.

मग पलीकडून आवाज आला, “हाये, डोमाकाका. हाये मी.”