खडकावरचे वाल

कालवंमावशीच्या बोटांना ठसे नव्हते. हे मला कळलं ते वसई गावातल्या रेशनच्या दुकानात. दुकानदाराने तिचा अंगठा यंत्रावर ठेवला, यंत्राने नकार दिला. मग पहिलं बोट, मग डावा हात, मग पदराला पुसून पुन्हा उजवा. मागे रांग वाढत होती. शेवटी दुकानदार वैतागून म्हणाला, "मावशी, तुमच्या बोटांना झालंय काय?" तिने दहाही बोटं त्याच्यासमोर पसरली. उभा जन्म कालवं काढण्यात गेलेला. ती बोटं इतक्यांदा कापली होती, भरली होती आणि पुन्हा कापली होती की त्यांच्यावर रेघ म्हणून उरली नव्हती. "ठसे सगळे खडकाला दिले," ती म्हणाली, "तिकडे जाऊन घे." रांग हसली, तीही हसली, आणि त्या दिवशी तांदूळ न घेताच घरी गेली.

ती पाचूबंदरची, ख्रिस्ती कोळ्यांच्या घरातली. नवरा दुसऱ्यांच्या बोटीवर खलाशी म्हणून जायचा आणि लवकर वारला. पुढे घर चाललं ते किल्ल्यापलीकडे, खाडीच्या तोंडाशी असलेल्या खडकांवर. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला भरती जशी फार वर चढते, तशी ओहोटीही फार खाली उतरते. तेव्हा ते खडक उघडे पडतात आणि त्यांना चिकटलेली करडी, खडबडीत कालवं दिसू लागतात. लोखंडी आकडीने वरचं झाकण उचकटायचं, आतला लुसलुशीत गर डब्यात काढायचा. दोन-अडीच तासांत पाणी परत येतं. तेवढ्यात जे होईल ते.

आमची वाडी केळी-फुलांची. लहानपणी महिन्यातून दोनदा ती मागच्या दाराने यायची आणि "बाय, भांडं आन," म्हणून हाक मारायची. डब्यातली कालवं भांड्यात ओतून ती आईकडून केळफूल, अळूची पानं, कधी राजेळी केळ्यांची फणी घेऊन जायची. हिशेब कोणीच ठेवत नव्हतं. आईचा उपास असला की ती ओट्याखाली उभी राहून दुरूनच बोलायची आणि आई म्हणायची, "अगं वर ये, कालवं खाली ठेव म्हणजे झालं."

देवळातली रविवारची प्रार्थना, मिस, तिने कधी चुकवली नाही, फक्त उधाण रविवारी आलं की पंचाईत व्हायची. एकदा म्हणे फादरनी तिला देवळाच्या दारात अडवून विचारलंच, मागच्या रविवारी कुठे होतीस. ती म्हणाली, "फादर, मिस पन त्याचीच, पानी पन त्याचंच. दोन्ही एकाच वेळेला त्याने ठेवलं, ते त्याला विचारा." फादर पुढच्या वेळी काही बोलले नाहीत, असं ती मोठ्या समाधानाने सांगायची.

आठवी-नववीत असताना मी हट्ट करून तिच्याबरोबर खडकावर गेले होते. मी घाईघाईने एक लहानसं कालव उचकटायला लागले, तर तिने माझं मनगट धरलं. "त्याला ऱ्हाऊ दे. ते अजून शाळेत जातं." अंगठ्याहून लहान असलेलं कालव तिच्या लेखी शाळेत जायचं. दुसऱ्या बायकांनी असलं लहान कालव काढलं, तर ती भांडायची नाही, नुसतं म्हणायची, "आज पोरं पन आनलीस का?" बायका ओशाळायच्या.

पुढे मी प्राणिशास्त्र शिकले आणि विरारच्या एका कॉलेजात शिकवायला लागले. मावशीला याचं फार अप्रूप नव्हतं. खेकड्याला पाय किती, हे शिकायला माणसाला इतकी वर्षं का लागावीत, असा तिचा प्रश्न होता. तरी ती मला "मास्तरीनबाय" म्हणायची.

म्हणूनच, पावसाळा संपून ऊन पडू लागल्यावर एका सकाळी ती मागच्या दाराशी आली, ती कालवं द्यायला नव्हे. तिने कमरेची पिशवी सोडून ओट्यावर पालथी केली. नखाएवढे काळपट शिंपले, बारीक केसांसारख्या धाग्यांनी एकमेकांत गुंतलेले. "हे वाल कोनी पेरले ते सांग," ती म्हणाली. खरोखरच सुकवलेल्या वालांसारखे दिसत होते ते.

मी ते ओळखले, आणि मला आनंद झाला. हे आज लिहितानाही लाज वाटते. पुस्तकात ज्याचं चित्र पाहिलं होतं, तो परदेशी शिंपला माझ्या ओट्यावर पडला होता. मी फोटो काढले, भिंगाने पाहिले, भराभर सांगत सुटले की हा मूळचा अमेरिकेच्या बाजूचा, मोठ्या जहाजांच्या बुडाला चिकटून किंवा त्यांच्या पोटातल्या पाण्यातून देशोदेशी जातो, आणि एकदा रुजला की खडकावर दुसऱ्या कोणाला जागा ठेवत नाही. मावशी माझ्या तोंडाकडे बघत होती. मी थांबल्यावर तिने विचारलं, "तू खूश का झालीस?"

मी काहीतरी बोलून वेळ मारून नेली. पुढच्या उधाणाला मात्र तिच्याबरोबर खडकावर गेले. पूर्वेकडचा खडक कमरेपर्यंत काळा झाला होता. कालवांच्या अंगावर ते शिंपले थरावर थर बसले होते, इतके की कालवांना तोंड उघडायला जागा नव्हती. थरांत चिखल साचला होता. जिथे हात घातला की खेकडे पळायचे, त्या फटी बुजल्या होत्या. बोटभर मासे लपायचे ती डबकी उथळ झाली होती. मावशीने एक कालव काढून उघडलं. आत काळा चिखल आणि वास. तिने ते पाण्यात टाकलं नाही, परत खडकावर ठेवलं.

तिला धीर द्यायला म्हणून मी तिथेच एक गोष्ट सांगितली, वर्गात दरवर्षी सांगते ती. दूर दक्षिणेकडे एका थंड समुद्रात पाण्याखाली उंच शेवाळाची रानं आहेत. पाणी तापायला लागलं तसा तिथे एक काटेरी प्राणी शिरला, साळिंदराचं वेटोळं असावं तसा, सी अर्चिन म्हणतात त्याला. त्याने ती रानं मुळापासून खाल्ली. मासे गेले, शेवंड गेले, मैलोन्मैल नुसता उघडा दगड राहिला.

"मंग त्या लोकांनी काय केलं?"

"माणसं हातोडे घेऊन बुड्या मारतात आणि एकेक फोडतात. काही ठिकाणी रान परत उगवलं म्हणे."

"हातोडे घेऊन," ती स्वतःशीच म्हणाली.

मला तेव्हाच कळायला हवं होतं. पुढच्या अमावास्येला ती घरातलं लोखंडी उलथणं घेऊन खडकावर गेली आणि खरवडायला लागली. पहिल्या वेळी आणखी तिघी होत्या. दुसऱ्या वेळी एक. मग ती एकटीच. गुडघे टेकून, हाताला चिंध्या गुंडाळून ती वीतवीत खडक मोकळा करायची, आणि पाणी चढलं की उठायची. बंदरावर लोक हसायचे. मला तिचा अभिमान वाटायचा. मी कॉलेजात सांगायची, आमच्या गावची एक बाई एकटी लढते आहे. मुलं टाळ्या वाजवायची.

त्या हिवाळ्यात वाचता वाचता मला एके ठिकाणी दिसलं की अशा जातीच्या शिंपल्यांना इजा झाली, तर ते आपलं बी पाण्यात सोडून देतात. मी आणखी शोधलं. सगळीकडे तेच. खरवडून निघालेले घोस समुद्रातच राहिले, तर ते भरतीबरोबर जाऊन दुसरीकडे चिकटतात, हेही होतं. मी पुस्तक मिटलं आणि दोन उधाणं गप्प राहिले. ती जात होती, खरवडत होती, आणि मी घरात बसून घड्याळाकडे बघत होते.

शेवटी गेले. ती दारात कोलंबी सोलत बसली होती.

"मावशी, तू खरवडणं थांबव."

"का? बरोबर होत नाय का?"

मी सगळं सांगितलं. तिचे हात थांबले नाहीत. पाच-सहा कोलंब्या सोलून झाल्यावर तिने विचारलं, "म्हंजे मीच पेरले?"

"तू नाही गं. तू काही केलं नसतंस, तरी ते पसरलेच असते."

"तसं नको बोलू," ती म्हणाली. "तसं असंल तर मंग काहीच नाय." पुढची कोलंबी उचलत म्हणाली, "आनि ते हातोडेवाले?"

"तो प्राणी वेगळा, मावशी."

"हे तू आधी नाय सांगितलं."

आवाजात राग नव्हता. राग असता तर मला बरं वाटलं असतं. तिने सोललेली कोलंबी पानात बांधून माझ्या हातात दिली आणि मी ती घेऊन घरी आले.

त्यानंतर मला जे सुचलं ते मी केलं. अर्ज लिहिला, तिला घेऊन एका सरकारी कचेरीत गेले. तिथले साहेब चांगले होते. त्यांनी पिशवीतले शिंपले पाहिले, चहा मागवला. म्हणाले, "वादळात बोट फुटली तर अर्ज आहे, जाळं वाहून गेलं तर आहे. खडक गेल्याचा अर्ज नाही हो आमच्याकडे." मावशीने त्यांनाच समजावलं, "असू द्या साहेब. खडक हाय तिथंच हाय." साहेबांनी आमचा कागद ठेवून घेतला. त्यावर पोच मिळाली. पुढे काही आलं नाही.

खरवडणं तिने सोडलं, खडकावर जाणं सोडलं नाही. रिकाम्या हाताने जायची आणि बघून यायची. एका पौर्णिमेला काळ्या थरावरून तिचा पाय सटकला. कंबरेचं हाड मोडलं. शिंपल्यांच्या धारेने मांडी सोलून निघाली. दोन माणसांनी उचलून आणलं तेव्हा पाणी तिच्या घोट्याला लागलं होतं. इस्पितळातून सुटल्यावर मुलगी ट्रिझा तिला विरारला आपल्या घरी घेऊन गेली, सहाव्या मजल्यावर. तिथल्या खिडकीतून समोरच्या इमारतीच्या गच्चीवरच्या पाण्याच्या टाक्या दिसायच्या. मी भेटायला गेले की ती विचारायची, "आज तिथी काय?" मी सांगितलं की डोळे मिटून पाण्याची वेळ सांगायची. एकदाही चुकली नाही.

तिने मला एक काम लावून दिलं. प्रत्येक उधाणाला मी खडकावर जायचं आणि तिला फोन करायचा. मी जायची. पूर्वेचा खडक संपलाच होता. मग मधला गेला, मग चिखलातल्या शिवल्या-शिंपल्या काढणाऱ्या बायकांच्या पाट्यांतही ते काळे घोस यायला लागले. "काय दिसलं?" ती विचारायची. मी म्हणायची, "तसंच आहे, मावशी." ती "बरं" म्हणायची आणि फोन ट्रिझाकडे द्यायची. असं वर्षभर चाललं. त्या "बरं" चा आवाज दर वेळी थोडा बारीक होत गेला.

गेल्या माघातल्या अमावास्येला मला तो "बरं" ऐकवेना. ट्रिझाने आधीच सांगितलं होतं की आई जेवत नाही, भिंतीकडे तोंड करून पडून असते. मी खडकावर उभी होते, पायाखाली सगळं काळं, आणि फोनवर म्हणाले, "मावशी, कालवं दिसली. नवीन आहेत."

तिने विचारलं, "कुठच्या खडकावर?"

"शेवटच्या. समुद्राकडच्या अंगाला, वरती."

ती हसली. फार दिवसांनी मी तिचं हसणं ऐकलं. "तिथं दुपारचं ऊन लागतं, बाय. तिथं कालव कधीच धरत नाय. माझ्या सासूच्या वेळेला पन नव्हतं."

खाडीचं पाणी परत फिरायला लागलं होतं. मी फोन कानाशी धरून तशीच उभी राहिले. खोटं पकडलं गेल्याची शरम होती, आणि खरं बोलायची सोय राहिली नव्हती.

"असू दे," ती म्हणाली. "किती हायत, ते सांग."

मी खाली वाकले आणि मोजायला लागले.