धर्माची लपवलेली दहावी

धर्मा दहावी पास होता आणि ही गोष्ट त्याने इतकी वर्षं चोरीच्या मालासारखी दडवून ठेवली होती.

आता दहावी झालेला माणूस अंगठा कशाला उठवील, असं कुणीही विचारेल. त्याचं असं झालं. खाडीकाठच्या त्या गावात ग्रामपंचायत होती तेव्हा गटारं काढायला माणूस हवा होता. सरपंच म्हणाले, शिकलेला नको; शिकलेला चार दिवस फावडं धरतो आणि पाचव्या दिवशी कंपनीत पळतो. धर्मा शिकला चांदीप गावाला, मामाकडे. या गावात तो नवा जावई. घरात चूल पेटायची मारामार. "शाळेचं तोंड पाह्यलं नाय," म्हणाला आणि लागला. मग दर पगाराला शाईत अंगठा बुडवणं आलंच.

पंचायत गेली, पालिका आली, तरी धर्मा आणि त्याच्या जोडीची पुतळाबाई रोजंदारीवरच राहिले. कायम करा म्हणून युनियनने दावा लावला, तर पालिकेने नवंच शेपूट जोडलं: किमान सातवी पास पाहिजे. लागताना अट नव्हती, आता कुठून आणली, असं वकील उन्नतीताई कोर्टात भांडत होत्या. तारखांवर तारखा पडत होत्या. तेवढ्यात पालिकेचा निरोप आला, ज्याच्याकडे दाखला असेल त्याने दाव्यातून नाव काढून घ्यावं, त्याला लगेच कायम करू.

तेव्हापासून धर्माचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. घास हातात घेऊन बसून राही. दाखला दाखवावा, तर साहेब विचारणार, मग अंगठा कुणाचा? खोटं बोलून लागला म्हणून आहे तेही काम जायचं. न दाखवावा, तर म्हातारपणी हाती धुपाटणं. शिवाय दाखवला, तर पुतळाबाईला मागे टाकून पुढे जायचं. बायको वसुंधरा वैतागली. "दाखला काय लोणच्यासारका मुरत ठेवनार हाय?"

शेवटी एका सकाळी तो गेला. साहेबांनी दाखला पाहिला, माघारीच्या कागदावर बोट ठेवलं आणि म्हणाले, "इथे सही." धर्माने सही केली. साहेबांनी मान वर केली नाही. अंगठ्याचं कुणाच्या गावीही नव्हतं. धर्माला हायसं वाटायला हवं होतं, पण त्याला संताप आला. ज्याच्या भीतीने उभं आयुष्य अडाणी राहिलो, त्याला माझ्याकडे बघायलासुद्धा सवड नाही!

तिथून तो तडक नाल्यावर आला. पुतळाबाई गाळ ओढत होती. त्याने सगळं सांगून टाकलं, दहावी, सही, दाव्यातून काढलेलं नाव. तिचा आवाज खाडीपल्याड ऐकू जाई. आता ती सात पिढ्या उद्धरणार, या तयारीने तो उभा राहिला.

"दहावी?" ती हळूच म्हणाली. "मंग रातच्या वर्गाला का नाय म्हनालास?"

गावातल्या शाळेच्या बेटी टीचरने एकदा मोठ्या माणसांसाठी वर्ग काढला होता. पुतळाबाईने हौसेने पाटी आणली होती, पण एकटीला लाज वाटे. धर्मा आला तर येते, म्हणाली होती. धर्मा कसा जाणार? टीचरपुढे त्याचं सोंग एक दिवसही टिकलं नसतं. या वयात कसली पाटी, लोक हसतील, म्हणत त्याने तिलाही परतवलं होतं.

"आपली झाडूवाली नॅन्सी गेली वर्गाला," पुतळाबाई म्हणाली. "शिकत शिकत सातवी झाली ती. ती होनार आता कायम. मी तुज्यासाटी थांबले रे."

धर्माने वाकून गाळाचं घमेलं उचलायला हात घातला. पुतळाबाईने ते आपल्याकडे ओढून घेतलं.

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "तू आता कायम मानूस हायेस."