न भरता सुटलेली जीप

काल परतवाड्याच्या स्टँडवरून एक जीप अर्धी रिकामीच सुटली आणि माझ्या काळजात धस्स झालं, कारण आमच्या गावाची जीप माणसं कोंबल्याशिवाय कधी हलतच नाही. बऱ्याच वर्षांपूर्वी भावाचा फोन आला होता, "बाबाले जरासं बरं नाही, येऊन जाय." मी सासरहून निघाले, बाबांसाठी संत्री घेतली आणि स्टँडवर आले. ड्रायव्हर आमच्याच गावचा. मला पाहताच त्यानं बिडी विझवली. "बसा ताई, निंगू आपन." "काहून भाऊ, आज सवाऱ्या नाही भरत?" मी हसून विचारलं. "आज नाही," एवढंच तो म्हणाला. मी तर खूशच झाले, ऐसपैस बसले. वाटेत एक संत्रं सोललं, सगळी जीप वासानं भरून गेली. अर्ध्या फोडी त्याला दिल्या. त्यानं घेतल्या, पण खाल्ल्या नाहीत, समोर काचेजवळ तशाच ठेवल्या. मी मात्र आरामात खात होते, बिया खिडकीबाहेर टाकत होते. गावाचा फाटा आला, रोज सगळे तिथंच उतरतात, तिथंही जीप थांबली नाही. "अहो भाऊ, फाटा मागं राहिला ना!" त्यानं जीप थेट आमच्या अंगणाशी नेऊन उभी केली. अंगणात अख्खं गाव गोळा झालेलं होतं, मधोमध तिरडी बांधून तयार होती, आणि सगळे माझ्याकडेच पाहत होते. माझ्या तोंडात शेवटची फोड होती. ती मी गिळली की थुंकली, ते मला अजून आठवत नाही.