चुलीचा विसावा

स्वयंपाकघरातल्या खिळ्यावरचं कॅलेंडर नवऱ्याने काढलं आणि तिथे आपल्या कादंबरीतल्या काल्पनिक राज्याचं कॅलेंडर लटकवलं. दुधाचे खाडे, सिलिंडर लावल्याची तारीख, सगळं माळ्यावर गेलं. आता भिंतीवर राखमास आहे, गरुडमास आहे आणि पानोपानी सोनेरी शाईतले सण.

"वाच ना," तो म्हणाला. कणीक मळता मळता मी वाचलं. तलवारींना विश्रांती द्यायचा एक दिवस आहे. घोड्यांना नाल न ठोकण्याचा आहे. नदीत होडी न घालण्याचासुद्धा आहे, कारण नदी दमते म्हणे. आणि अशा प्रत्येक सणाला संध्याकाळी गावजेवण.

"रांधतं कोण?" मी विचारलं.

"ते अजून ठरवलं नाही. बारीक तपशील आहे तो."

बारीक! याने आभाळात दोन चंद्र टांगले, राक्षसांच्या वंशावळी रचल्या, पण भाताखाली जाळ कोण घालतं ते याला सुचलं नाही. मला तर वाटतं, जगातली सगळी कॅलेंडरं आयत्या पानावर बसणाऱ्यांनीच केली असणार. सण कधी ते त्यांना बरोब्बर कळतं. आदल्या दिवशी डाळ भिजत घालावी लागते, हे कळत नाही. नदी दमलेली यांना दिसते.

मी हात धुतले. कॅलेंडरच्या दोरीला बांधलेल्या पेन्सिलीने आजच्या चौकोनात लिहिलं, 'चुलीचा विसावा'. गॅस बंद केला, कणीक झाकली आणि खुर्चीत पाय पसरून बसले.

भूक लागल्यावर तो आला. "जेवण?"

मी भिंतीकडे बोट दाखवलं.

"सण आहे," म्हटलं. "पाळ."