कपाचा कान

कॅम्पसच्या बसमध्ये सहसा कुणी कुणाशी बोलत नाही. सगळे कानात इअरफोनचे बोळे घालून बसलेले असतात, मीही. त्यामुळे पुढच्या राखीव सीटवरच्या एक गोऱ्या, म्हाताऱ्या बाई माझ्याकडे बघून काहीतरी बोलल्या तेव्हा मी आधी मागे वळून पाहिलं. मागे कुणीच नव्हतं. मी कानातला बोळा काढला.

"मंगळवारी तुझी बॅग उजव्या खांद्यावर होती," त्या म्हणाल्या. "आज डाव्या. दुखतोय का?"

दुखत होता, पण मला रागच आला. माझ्या खांद्याची चौकशी करायला मिरजेत आई आहे आणि ती ते काम चोख करते. मी जरा फटकळपणेच विचारलं, "तुम्ही पोलिसात होता का?"

"नाही," त्या म्हणाल्या. "सिनेमात."

अमेरिकेतल्या आमच्या या गावाचं नाव स्टेट कॉलेज. घरी पहिल्यांदा सांगितलं तेव्हा आई तीनदा म्हणाली, "कॉलेजचं नको, गावाचं नाव सांग." अशा गावात, पेनसिल्व्हेनियाच्या डोंगरांत, नव्वदीला टेकलेली सिनेमातली बाई भेटेल असं मला वाटलं नव्हतं. मी माझा स्टॉप सोडून दोन स्टॉप पुढे गेले आणि त्यांच्याबरोबरच उतरले. माझा राग टिकत नाही, हा माझा जुना दोष आहे.

त्या मूळच्या कोपनहेगनच्या. एकोणिसाव्या वर्षी तिथल्या एका स्टुडिओत टायपिस्ट म्हणून लागल्या. एकदा दिग्दर्शकाला त्यांनी सहज सांगितलं की, आदल्या दिवशी नायकाच्या कोटाचं वरचं बटण उघडं होतं आणि आज लागलेलं आहे. दुसऱ्या दिवशी त्यांचा टाइपरायटर सेटवर हलला. तेव्हापासून सात वर्षं त्यांनी कंटिन्युइटी सांभाळली. पुढे लोणी-चीज शिकायला तिकडे आलेल्या एका अमेरिकन दुग्धशास्त्रज्ञाशी लग्न केलं आणि इथे आल्या. नवरा आता नाही, मुलं लांबच्या राज्यांत. 'नावानंच हाक मार,' असं त्यांनी मला बजावलं. नव्वद वर्षांच्या बाईला नावानं हाक मारायला माझी जीभ रेटेना, म्हणून मी मावशी म्हणू लागले. अर्थ सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "मला बहीणच नाही. पण चालेल."

कंटिन्युइटी म्हणजे काय ते मला मावशींच्या स्वयंपाकघरात, त्यांच्या कडू कॉफीबरोबर कळलं. सिनेमातला एक प्रसंग तीन दिवस तुकड्यातुकड्यांनी, पुढचा आधी आणि मागचा नंतर, असा चित्रित होतो. सोमवारी अर्धा प्यालेला कप बुधवारी काठोकाठ भरलेला दिसला, तर प्रेक्षक नको तिथे हसतात. मावशी कॅमेऱ्याशेजारी एका स्टुलावर बसायच्या, मनगटाला दोरीनं बांधलेलं स्टॉपवॉच आणि मांडीवर वही. कोणत्या शब्दाला चमचा उचलला, सिगरेट किती उरली, शालीचं टोक कोणत्या खांद्यावर होतं, सगळं लिहायचं. झटपट फोटो काढायची सोय नव्हती, म्हणून टेबलाची चित्रं काढायची. संध्याकाळी सगळे घरी गेले की कार्बन घालून ते टाइप करायचं.

सिनेमेही सगळे घरगुती विनोदी. कुटुंब जमायचं, केक कापला जायचा, गैरसमज व्हायचे आणि मिटायचे. एक नट प्रत्येक टेकला खरा केक खायचा. नवव्या टेकला त्याचा चेहरा हिरवा पडला.

"तुम्हाला दया नाही आली?" मी विचारलं.

"तिसरा घास 'विहीणबाई' या शब्दावर हवा होता," मावशी म्हणाल्या. "तो त्यानं घेतला. दया नंतर आली."

आता माझ्या कामाविषयी. मी इथे पीएचडी करते. जुन्या फिल्मवरचे ओरखडे, धूळ, बुरशीचे डाग ओळखून पुसणारा प्रोग्रॅम मी लिहिते. पुसलेल्या जागी काय असायला हवं होतं, ते आधीच्या आणि नंतरच्या फ्रेम्स बघून प्रोग्रॅम भरून काढतो. घरी फोनवर मी 'जुने सिनेमे धुऊन देते' असं सांगते आणि बाबांना ते पटतं. मावशींनाही मी तसंच सांगितलं. "जे तिथे असायला नको, ते काढते." त्या कपाकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "हात निघेल का?"

तो हात मावशींचाच होता. बाविसाव्या वर्षी केलेल्या एका सिनेमात कॉफीचा मोठा प्रसंग होता. एका टेकमध्ये कॅमेरा सुरू व्हायच्या बेतात असताना मावशींना दिसलं की आजोबा झालेल्या नटाच्या कपाचा कान डावीकडे आहे. आधीच्या शॉटमध्ये तो उजवीकडे होता. ओरडायला वेळ नव्हता. त्यांनी हात घातला, कप फिरवला आणि हात मागे घेतला. पण कॅमेरा सुरू झालेला होता. ते म्हातारे नट त्या एकाच टेकला सगळी वाक्यं न अडखळता बोलले, म्हणून तोच टेक सिनेमात गेला. पडद्याच्या खालच्या कोपऱ्यातून एक हात येतो आणि जातो, एकूण एकोणीस फ्रेम्स, म्हणजे सेकंदभरही नाही. स्टुडिओनं त्यावरून मावशींचं नावच 'हात' पाडलं. त्या आल्या की लायटिंगवाले म्हणायचे, हात आला. पुढची चार वर्षं.

"बाकी सगळं मी बरोबर केलं," मावशी म्हणाल्या. "ते कुणाला दिसत नाही. हा एक हात दिसतो. मरायच्या आधी तो गेलेला बघायचाय मला."

आमच्या लॅबला चाचणीसाठी जुना, पुष्कळ डाग असलेला सिनेमा हवाच होता. मी माझ्या गाइडना सांगितलं, त्यांनी डेन्मार्कच्या एका संग्रहालयाशी पत्रव्यवहार केला आणि दोन महिन्यांनी सिनेमाचं स्कॅन आमच्याकडे आलं. आम्ही तो साफ करून परत पाठवायचा आणि तिथे तीच प्रत जपली जाणार, असं ठरलं. तो उघडल्यावर मी आधी तो प्रसंग लावला. सडपातळ, घाईतला हात, मनगटावर स्टॉपवॉचची दोरी गुंडाळलेली. मी उगाचच हसले.

धूळ, ओरखडे पंधरा दिवसांत गेले. हाताला मात्र तीन आठवडे लागले. मागे लेसचा टेबलक्लॉथ, त्यावर वाफ, आणि हात सतत हलता. माझी नागपूरची रूममेट म्हणाली, "यार, एका हातासाठी तू वीकेंड कॅन्सल केलास? कोणाला दिसणार आहे?" मी तिला म्हटलं, दिसू नये हेच तर काम आहे. अखेर एका दुपारी हात गेला आणि आख्खी लॅब माझ्या स्क्रीनभोवती येऊन हसायला लागली. हात गेला होता, पण कप आपला आपण गर्रकन फिरत होता. भुताटकीचा सिनेमा झाला होता. मग मी शॉटच्या सुरुवातीचा कपही बदलला. नंतरचा, कान उजवीकडे असलेला कप उचलून आधीच्या फ्रेम्समध्ये बसवला. आता कप पहिल्यापासून सरळ. मला स्वतःचा इतका अभिमान वाटला की मी तो शॉट आईला व्हॉट्सॲपवर पाठवला. आई म्हणाली, "छान आहे टेबलक्लॉथ."

गाइड खूश झाले, पण त्यांनी एक अडचण काढली. या क्षेत्रात एक नियम आहे. काळानं जे बिघडवलं ते पुसायचं, करणाऱ्यांनी जे केलं ते ठेवायचं. हात हा डाग नव्हे. "तो काढायचा की नाही, हे विचारायला त्या युनिटमधलं एकच माणूस हयात आहे," ते म्हणाले. "त्यांना विचार."

मी मावशींना विचारलं आणि थोडा वादही घातला. सिनेमाच्या श्रेयनामावलीत केशभूषाकाराचं नाव आहे, फर्निचर देणाऱ्या दुकानाचं आहे, त्यांचं नाही. मी म्हटलं, "मावशी, या सिनेमात तुम्ही फक्त त्या कोपऱ्यात आहात."

"माझं काम नीट झालं असेल तर मी दिसायलाच नको," त्या म्हणाल्या. "काढ."

मग मीही जास्त ताणलं नाही. त्यांचा हात, त्यांची मर्जी. शिवाय तो शॉट माझ्या कामातला सगळ्यात देखणा तुकडा होता, हेही खरं. लॅपटॉपवर दाखवू का विचारलं तर नको म्हणाल्या, मोठ्या पडद्यावरच बघेन. कपाचं त्यांना सांगायचं मला सुचलंच नाही. माझ्या लेखी ती तांत्रिक बाब होती.

परत पाठवण्याआधी गाइडनी कॅम्पसवरच्या छोट्या सभागृहात सिनेमा दाखवायचं ठरवलं. दुपारची वेळ होती. मावशी जातात त्या ज्येष्ठ नागरिकांच्या सेंटरमधली वीसेक माणसं आली, आमची लॅब आली, आणि समोसे आहेत कळल्यावर रूममेटही आली. मावशी निळा कोट घालून माझ्या शेजारी बसल्या. लोक योग्य जागी हसत होते. कॉफीचा प्रसंग आला तसं त्यांनी माझं मनगट घट्ट धरलं. आजोबा बोलले, आजी रुसल्या, कोपरा स्वच्छ राहिला. मावशींनी मनगट सोडलं. "छान काम," त्या कुजबुजल्या. मला आभाळ ठेंगणं झालं.

दिवे लागल्यावर गाइडनी सांगितलं की, या सिनेमावर काम केलेल्या बाई आज आपल्यात आहेत. टाळ्या झाल्या. सेंटरमधल्या एका बाईंनी विचारलं, "तुम्ही यात नेमकं काय केलंत?"

मावशी उठून उभ्या राहिल्या. पासष्ट-सत्तर वर्षांत हा प्रश्न त्यांना इतक्या माणसांसमोर कुणी विचारला नसावा. त्यांनी जरा विचार केला आणि म्हणाल्या, "त्या कॉफीच्या प्रसंगात आजोबांच्या कपाचा कान चुकीच्या बाजूला होता. तो मी सरळ केला."

"पण तो तर सरळच होता," बाई म्हणाल्या. त्यांच्या बोलण्यात खवचटपणा नव्हता, त्यांनी बघितलं तेच त्या सांगत होत्या. आणखी दोघांनी माना डोलावल्या. मावशींनी तोंड उघडलं, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "हो. सरळच होता." मग त्या खाली बसल्या. लोकांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या.

परतीच्या बसमध्ये मी त्यांच्या शेजारी बसले. एरवी त्या ड्रायव्हरच्या टोपीपासून सगळ्यावर बोलतात. त्या दिवशी निळ्या कोटाचं बटण लावत-काढत राहिल्या. त्यांचा स्टॉप यायच्या जरा आधी म्हणाल्या, "कप आधीपासूनच सरळ होता."

"हो. हात काढल्यावर तो आपोआप फिरत होता, म्हणून मी..."

"मग मी तिथे कशाला होते?"

मला खूप लाज वाटली. तीन आठवडे मी तो हात फ्रेम फ्रेम करून पाहिला होता, त्याची नखंसुद्धा मला पाठ होती आणि तो तिथे कशासाठी आलाय हेच मी पुसून टाकलं होतं, वर आईला पाठवून शाबासकीही मागितली होती. मी म्हटलं, "मावशी, मूळ सगळं तसंच आहे. परत घालू?"

"तुला कुणी सांगितलं होतं काढायला?" त्या म्हणाल्या.

"तुम्हीच."

"मी म्हातारी बाई आहे. तू शिकलेली आहेस. तू ऐकायचं नव्हतंस."

हे अन्यायाचं होतं, पण मी पहिल्यांदाच वाद घातला नाही.

दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये जाऊन मी वाकडा कप परत ठेवला आणि हातही. पुसलेले राहिले ते फक्त फिल्मवरची धूळ आणि ओरखडे. गाइडना सांगितलं तेव्हा त्यांनी तीच प्रत डेन्मार्कला रवाना केली. मग मी त्या एकोणीस फ्रेम्स, पुढचंमागचं थोडं धरून, फोनवर घेतल्या आणि बसमध्ये मावशींच्या हातात फोन दिला.

त्यांनी चष्मा लावला, एकदा बघितलं, आणखी एकदा बघितलं. कोटाचं बटणही नजरेतून न सोडणाऱ्या बाई त्या, पण या शॉटमध्ये काय चुकलंय ते काही सांगितलं नाही. मग पलीकडच्या सीटवर भाजीच्या दोन पिशव्या मांडीवर घेऊन बसलेल्या एका अनोळखी बाईंपुढे त्यांनी फोन धरला.

"हे बघा," मावशी म्हणाल्या. "हा माझा हात."

बाई वाकून बघेपर्यंत तो येऊन गेला होता. "कुठे?" त्यांनी विचारलं.

मावशींनी फोन माझ्याकडे दिला. "परत लाव," त्या म्हणाल्या. "आणि त्यांना सांग, कोपऱ्यात बघा, आणि कपाचा कान आधी कुठे आहे ते बघा."

मी सांगितलं आणि परत लावलं.