चौदा नंबरचे दालन

संग्रहालयात सगळे त्याला चौदा नंबर म्हणत. खरे नाव पगारपत्रकावर होते, पण ते तिथेच राहिले. एकोणतीस वर्षे तो चौदा नंबरच्या दालनात दाराजवळच्या खुर्चीवर बसला. काम एवढेच, की चित्रांना कोणी हात लावू नये, आणि कोणी फार पुढे गेलेच तर उठून म्हणायचे, "जरा मागे सरा." सकाळी दहा ते संध्याकाळी सहा. सोमवारी सुट्टी.

दालन लहानसे होते. तेरा नंबरचे मोठे दालन आणि पंधरा नंबरचे त्याहून मोठे दालन यांच्या मधला तो जवळजवळ बोळच. भिंतींवर सात चित्रे. सहा डोंगर-नद्यांची, आणि सातवे एका घरातले, चहाच्या ट्रेएवढे. त्याखालच्या पाटीवर लिहिलेले होते, "घरातील दृश्य. चित्रकार अज्ञात." दालनाच्या मध्यभागी चामड्याची गादी लावलेला एक लांब बाक होता, आणि खरे सांगायचे तर लोक तिथे येत ते त्या बाकासाठी. यायचे, बूट सैल करायचे, नकाशा उलटसुलट करून बघायचे आणि त्याला विचारायचे, "टॉयलेट कुठे आहे हो?" मग पंधरा नंबरमध्ये जायचे. सगळ्या जगाला माहीत असलेले चित्र तिथे होते.

त्याच्या बायकोला मात्र वाटत होते की ते चित्र त्याच्या दालनात आहे.

याला कारण त्याचा मेहुणा. लग्न ठरले तेव्हाच मेहुणा चारचौघांत म्हणाला होता, "खुर्ची गरम करायचा पगार मिळतो म्हणे यांना!" ते त्याच्या फार जिव्हारी लागले. त्या आठवड्यात पंधरा नंबरमधून एका गाईडचा आवाज ऐकू आला, "या चित्रासाठी लोक समुद्र ओलांडून येतात." लग्नानंतर पहिल्याच रविवारी त्याने तेच वाक्य बायकोला ऐकवले, फक्त सुरुवातीला "माझ्या दालनातल्या" एवढे जोडून. तिने ते भावाला पोचवले आणि वर दोन शब्द आपले घातले. मेहुण्याचे तोंड बंद झाले. खोटे लहान होते आणि कोणाचे काही बिघडत नव्हते.

मग नोकरीच्या तिसऱ्या वर्षी मुलगी झाली. सात आठवडे आधी झाली. इस्पितळात तिला काचेच्या पेटीत ठेवले होते. अकरा दिवस ती जगली. पहिले नऊ दिवस तो रोज संध्याकाळी गेला. नवव्या दिवशी नर्सने पेटीच्या भोकातून बोट आत घालायला सांगितले. त्याने घातले. मुलीने ते धरले.

दहाव्या दिवशी तो गेला नाही. बायकोला निरोप पाठवला, "मोठे पाहुणे येणार आहेत. चित्राला सोडून हलता येत नाही." अकराव्या दिवशी पुन्हा तोच निरोप. त्या दिवशी दुपारी तीन वाजून दहा मिनिटांनी मुलगी गेली, तेव्हा पेटीशेजारी बायको एकटी होती.

तिने त्याला कधी बोल लावला नाही. मेहुणा बोलला तेव्हा तिनेच त्याला गप्प केले. "केवढी जोखीम असते त्यांच्या डोक्यावर, तुला काय कळणार?" म्हणाली. पण संग्रहालयात मात्र तिने पाऊल टाकले नाही. "मला ते चित्र बघवणार नाही," एवढेच म्हणाली, आणि तीस वर्षे तो विषय घरात निघाला नाही. मूलही पुन्हा झाले नाही. तिने त्याला माफ केले होते ते त्या चित्राच्या मोठेपणावर, हे त्याला ठाऊक होते. आणि ते चित्र त्याचे नव्हतेच.

तो निवृत्त होऊन चार वर्षे झाली तेव्हा तिच्या हृदयाने दगा दिला. पाय सुजू लागले, जिने बंद झाले. डॉक्टरांनी "बघू या" म्हटले, आणि तिला त्यातले कळायचे ते कळले. एका सकाळी ती भाजी निवडता निवडता म्हणाली, "बुधवारी अकरा वाजता आपल्याला जायचंय. तुमच्या संग्रहालयात."

त्याच्या हातातला पेपर खाली आला. "कशाला?"

"बघून घेते एकदा. समोरच्या शिवणकामवालीनं फोनवरून तिकिटं काढून दिलीत. गाईड आहे. आठच माणसांचा गट असतो. म्हणजे रेटारेटी नाही."

"अगं, गाईड कशाला? मीच नेतो की तुला."

"तुम्ही काय सांगणार? 'जरा मागे सरा'?" ती हसली, आणि हसण्याने तिला धाप लागली. दम खाऊन म्हणाली, "जाणकार माणसाकडून ऐकायचंय मला. ज्याच्यापायी तुम्ही त्या दिवशी आला नाहीत, त्यात असं आहे तरी काय, ते कळू दे."

बुधवारपर्यंतचे चार दिवस त्याने कसे काढले ते त्यालाच ठाऊक. आदल्या दिवशी त्याने दोनदा तोंड उघडले. एकदा म्हणाला, "गोळ्या घेतल्यास ना?" आणि दुसऱ्यांदा, "उद्या पाऊस येईलसं दिसतंय."

पाऊस आला नाही. पावणेअकराला ते पोचले. गटात नुकतेच लग्न झालेले एक जोडपे होते, दोन निवृत्त शिक्षिका बहिणी आणि फोटो काढणारा एक माणूस त्याच्या आईबरोबर. गाईड पंचविशीतली मुलगी, त्याच्यानंतर लागलेली. प्रत्येकाला तिने गळ्यात अडकवायचे छोटे यंत्र दिले आणि एका कानात घालायची वायर. ती हळू बोलली तरी सगळ्यांना ऐकू जायचे. बायको वायरीशी झटापट करत होती, तेवढ्यात त्याने गाईडला बाजूला गाठले.

"बाई, चौदा नंबरमध्ये जरा थांबाल का? दोन वाक्यं बोललात तरी चालेल."

"काका, नव्वद मिनिटांत नऊ चित्रं करायची आहेत," ती घड्याळाकडे बघत म्हणाली. "चौदामधून आपण फक्त जातो. काही विशेष होतं का तिथे?"

तो "नाही, सहज," म्हणाला आणि मागे सरला.

बायकोने मन लावून ऐकले. प्रत्येक चित्रापाशी ती मान हलवत होती, आणि पुढे निघताना त्याला कोपराने ढोसून विचारत होती, "तुमचं याच्याहून मोठं आहे का हो?"

"आकारानं नाही."

"मग कशानं?"

"चल, मागे पडू आपण."

थोरल्या शिक्षिकेने वळून विचारले, "तुम्ही इथे आधी आला होतात वाटतं?"

"आले होते?" बायको म्हणाली. "एकोणतीस वर्षं इथे होते ते! मोठं चित्र त्यांच्याच ताब्यात होतं." शिक्षिकेने त्याच्याकडे आदराने पाहिले. तो छताकडे बघू लागला.

तेरा नंबर संपले. कानात गाईडचा आवाज आला, "आता थेट पंधरामध्ये जाऊ. मध्ये बाक दिसेल, पण कृपा करून बसू नका, गर्दी व्हायच्या आत पोचायला हवं." गट भराभर पुढे गेला. बायको चौदा नंबरच्या उंबऱ्यातच थांबली.

"अहो, ती चुकली का? हेच ना तुमचं?"

त्याने मान हलवली. त्याच्या जुन्या खुर्चीवर एक तरुण रखवालदार बसला होता. बाकावर एक बाई टाच चोळत होती. बायकोने एक एक भिंत पाहिली. डोंगर, नदी, पुन्हा डोंगर. आणि मग दोघांच्याही कानात, पलीकडच्या दालनातून, गाईडचा आवाज स्वच्छ आला: "या चित्रासाठी लोक समुद्र ओलांडून येतात."

पुढे यंत्र खरखरले. अंतर वाढले होते. थोड्या वेळाने खरखरही थांबली.

तिने कानातली वायर काढली, नीट गुंडाळली आणि बाकावर बसली. टाच चोळणारी बाई उठून गेली.

"कुठलं?" तिने विचारले.

त्याने बोट दाखवले. चित्रात एक बाई पाठमोरी उभी होती, बाह्या वर सारलेल्या, दोन्ही हात टेबलावरच्या घमेल्यात. डावीकडे अर्धवट उघडे दार, आणि फटीतून जमिनीवर पडलेला उजेडाचा पट्टा. बस्स.

"हे?"

"हे. पंधरातलं कधीच माझं नव्हतं." मग तो थांबला नाही, थांबला असता तर पुन्हा बोलू शकला नसता. "त्या दिवशी पाहुणे नव्हते. कोणीच नव्हतं. रजा मागितली असती तर मिळाली असती. मी मागितलीच नाही. तिनं बोट धरलं होतं माझं, अगं. सोडेचना. दुसऱ्या दिवशी माझे पाय इकडेच वळले. दोन दिवस इथे बसून हे चित्र बघत होतो. तीन वर्षं रोज बघत होतो, पण त्या दाराच्या फटीत, खाली, बुटाचं टोक आहे, ते मला त्या दिवशी दिसलं. कोणीतरी बाहेर उभा आहे. वाटलं, आता आत येईल. सहा वाजेपर्यंत बघत होतो."

बायको उठली. भिंतीपाशी गेली, वाकली, आणखी जवळ गेली. रखवालदार खुर्चीवरून उठला. "आजी, जरा मागे सरा."

ती मागे सरली. "दिसला," म्हणाली. मग त्याच्याकडे न बघता म्हणाली, "माझंही बोट धरलं होतं तिनं. तीन दहापर्यंत."

यानंतर दोघे त्या बाकावर किती वेळ बसले होते कोणास ठाऊक. शेवटी गाईडच शोधत आली. "काकू, दमलात का? अहो, सगळ्यात मोठं चित्र राहिलं तुमचं!"

"राहू दे," बायको म्हणाली आणि दोन्ही यंत्रे तिच्या हातात दिली.

टॅक्सीत ती खिडकीतून बाहेर बघत होती. घराशी आल्यावर समोरचे दार उघडले. शिवणकामवाली गळ्यात टेप अडकवून उभीच होती. "काय काकू, पाहिलंत काकांचं चित्र?"

तो कुलपात किल्ली फिरवत होता. हात तिथेच थबकला.

"पाहिलं बाई," बायको म्हणाली. "पण काय ती गर्दी! धड उभंसुद्धा राहू देत नव्हते. सारखं आपलं मागे सरा, मागे सरा."

"असणारच! एवढं मोठं चित्र ते!"

दार लावल्यावर ती त्याला एवढेच म्हणाली, "चहा टाका." त्या दिवसाबद्दल ती पुन्हा बोलली नाही. राग धरला म्हणावे तर तसेही नाही. जेवायला वाढायची, पेपरातले कोडे सोडवताना शब्द विचारायची. पण पूर्वी कोणी आले-गेले की ती "आमच्या ह्यांचं काम म्हणजे" असे सुरू करायची, ते बंद झाले. त्याला ते घरातले एखादे भांडे कमी व्हावे तसे जाणवत राही.

सहाव्या आठवड्यात तिला इस्पितळात हलवावे लागले. पहिल्या दिवशी कागदपत्रे करून तो वॉर्डाच्या दाराशी आला. आत औषधांचा वास होता, काचा होत्या, कुठलेसे यंत्र टिकटिक करत होते. तो दाराआड उभा राहिला. पाय पुढे पडेनात. पाच मिनिटे गेली, दहा गेली. एक परिचारिका त्याच्याकडे बघत बाजूने निघून गेली.

आतून तिचा आवाज आला. बारीक, पण स्पष्ट.

"बूट दिसतोय तुमचा. आत या."

तो आत गेला. खुर्ची पलंगाशी ओढून बसला. बारा दिवस बसला. भेटीची वेळ संपली की परिचारिका सांगायला येत, आणि दोन-तीन दिवसांनी त्याही सांगेनाशा झाल्या. ती थोडेफार बोलायची. खिडकीतल्या कुंडीला पाणी घाला, शिवणकामवालीचा डबा परत करा. माफ केले की नाही, हे तिने सांगितले नाही. विचारायची त्याचीही छाती झाली नाही.

बाराव्या दिवशी दुपारी तिने त्याचे बोट धरले. पकड आधी घट्ट होती, मग सैल होत गेली. त्याने बोट काढले नाही. डॉक्टर आले, त्यांनी तिच्या डोळ्यांवर प्रकाश पाडून पाहिले आणि कागदावर वेळ लिहिली. घड्याळ समोरच्याच भिंतीवर होते. पण त्याने तिकडे बघितले नव्हते, आणि किती वाजले होते ते त्याला आजही सांगता येत नाही.