पोळ्यांचा डबा आणि दाढीवाला शास्त्रज्ञ

दोन हजार पाचच्या सुमाराची गोष्ट. कॅनडातल्या मार्कहॅमच्या आमच्या घरात एका सकाळी नऊ वर्षांच्या लेकीला उठवायला गेले, तर तिच्या उशालगतच्या पडद्याला वटवाघूळ लटकलेलं. खाली ती गाढ झोपलेली. नवऱ्याने हाताला लागेल तो डबा त्यावर पालथा घातला, मागून पुठ्ठा सरकवला आणि बॅकयार्डात नेऊन त्याला सोडून दिलं. जाऊ दे बिचारं, म्हणाला. डबा नेमका पोळ्यांचा होता आणि मला त्या डब्याचीच पडली. लेकीचं अंग बघायचं सोडून मी अर्धा तास उकळत्या पाण्याने डबा धूत बसले. त्या अर्ध्या तासाची मला आजही लाज वाटते.

दुपारी ऑफिसात हे हसत हसत सांगितलं, तर शेजारच्या टेबलावरची बाई हसली नाही. तिने आरोग्य खात्याचा नंबर लावून फोन माझ्या हातात दिला. तिथल्या नर्सने विचारलं, वटवाघूळ कुठे आहे? सोडून दिलं, मी म्हटलं. ती म्हणाली, इथे रेबीज वटवाघळांतून येतो. दात इतके बारीक, की झोपलेल्या मुलाला चावल्याचं कळतही नाही. हाती असतं तर तपासता आलं असतं; आता आजच्या आज लस.

रेबीज म्हणजे पिसाळलेलं कुत्रं, एवढंच आमचं ज्ञान. आणि एकदा लक्षणं दिसली की माणूस वाचत नाही, हेही.

हॉस्पिटलात लेक मजेत. तिच्या फ्रेंच इमर्शनच्या, म्हणजे सगळे विषय फ्रेंचमधून शिकवणाऱ्या वर्गात थोर फ्रेंच माणसांवर प्रोजेक्ट चालू होता आणि तिने ही लस शोधणाराच दाढीवाला शास्त्रज्ञ निवडला होता. तो डॉक्टर नव्हताच म्हणे, टोचायला दुसरा डॉक्टर लागला. कुत्रा चावलेल्या पोराला त्याच्या आईने त्याच्याकडे आणलं होतं. लेक इंग्रजीतून सांगत होती आणि मी हुं हुं करत तिच्या मानेवर, बोटांवर दातांच्या खुणा शोधत होते. प्रत्येक तीळ मला जखम वाटत होता.

"वॉज हिज मॉम स्केअर्ड?" तिने विचारलं.

पुस्तकात काय लिहिलंय, मी विचारलं. पुस्तकात त्या आईबद्दल काहीच नव्हतं.

खोटं बोलायचं त्राण माझ्यात उरलं नव्हतं. "खूप घाबरली असेल," मी म्हटलं. "मीपण घाबरलेय."

नर्स सुया घेऊन आली. लेकीने स्वतःच बाही वर केली आणि तिला सांगितलं, "माय मॉम कॅन लुक अवे, ओके?"